व्हिडिओ पाहिला, डोस नाकारला

२२ एप्रिल २०१९ हा पाकिस्तानातील देशव्यापी पोलिओ मोहिमेचा पहिला दिवस होता. पेशावरजवळच्या माशोखेल भागातील एका शाळेतून तक्रार आली, की डोस घेतल्यावर काही मुलांना मळमळ आणि पोटदुखी होत आहे. मुलांना रुग्णालयात नेण्यात आले. थोड्याच वेळात मोबाइलवर व्हिडिओ फिरू लागले. खाटांवर आडवी पडलेली मुले, शेजारी संतापलेला माणूस आणि ‘पोलिओच्या थेंबांनी मुले बेशुद्ध झाली’ हा आरोप. मशिदींच्या भोंग्यांवरून पालकांना सांगण्यात आले, की मुलांना ताबडतोब दवाखान्यात न्या. जमावाने माशोखेलच्या आरोग्य केंद्रावर हल्ला केला आणि ते पेटवून दिले. त्या गोंधळात पेशावरच्या रुग्णालयांत पंचवीस हजारांहून अधिक मुले आणली गेली.

पंचवीस हजार हा आकडा सरकारी रुग्णालयात काम करणाऱ्या माणसाला वेगळा दिसतो. आमच्याकडे सोमवारी ओपीडीत नेहमीपेक्षा दोनशे केसपेपर जास्त निघाले, तरी रांग पोर्चपर्यंत जाते. घाबरलेल्या आईबापांसह हजारो मुले एकदम दारात आली, तर त्या दिवशी खरोखर न्यूमोनियाने धापा टाकणारे बाळ, जुलाबाने कोमेजलेले मूल किंवा अपघातातला जखमी यांच्याकडे कोण बघणार? अफवेचा पहिला बळी हा असा असतो. त्याची नोंद कुठल्याही रजिस्टरमध्ये होत नाही.

तपासणीत मुलांना गंभीर असे काहीही आढळले नाही. लसीतही दोष सापडला नाही. मग दुसरा व्हिडिओ बाहेर आला. त्यात तोच माणूस मुलांना खुणावतो, ‘झोपा, बेशुद्ध झाल्याचे दाखवा.’ आतापर्यंत उभी असलेली मुले लगेच खाटांवर डोळे मिटून पडतात. हा व्हिडिओही खूप पाहिला गेला. पोलिसांनी त्या माणसाला अटक केली. पण तोवर आरोग्य केंद्र जळाले होते आणि घराघरांत निर्णय झाला होता, की यापुढे दाराशी पोलिओवाले आले तर मूल पुढे करायचे नाही.

त्याच आठवड्यात बलुचिस्तानातील चमन येथे पोलिओ मोहिमेतील एका महिला कर्मचाऱ्याची गोळ्या घालून हत्या झाली. पोलिओ पथकांना संरक्षण देणारे पोलीसही मारले गेले. काही दिवसांत देशभरातील मोहीम थांबवावी लागली. पाकिस्तानात २०१८ साली पोलिओने पांगळी झालेली मुले १२ होती. २०१९ साली ती १४७ झाली. त्यांतली ९३ एकट्या खैबर पख्तुनख्वा या पेशावरच्या प्रांतातली होती. ही सगळी वाढ एका व्हिडिओच्या माथी मारता येणार नाही. विषाणू आधीपासून फिरत होता आणि अनेक मुले मोहिमेतून सुटत होती. पण ज्या वर्षी एकही मूल सोडायला नको होते, त्याच वर्षी या व्हिडिओने हजारो दारे बंद केली.

थेंबांनी मुले बेशुद्ध पडतात का?

तोंडावाटे द्यायच्या पोलिओ लसीत दुबळा केलेला विषाणू असतो. तो आतड्यात काही दिवस वाढतो आणि शरीराला खऱ्या विषाणूची ओळख करून देतो. या कामाला दिवस लागतात, मिनिटे नव्हेत. दोन थेंब घेतल्यावर अर्ध्या तासात वर्गातली पन्नास मुले एकदम कोसळावीत, असे घडवण्याची ताकद त्या थेंबांत नसते.

या लसीचा धोका शून्य आहे, असेही मी म्हणणार नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार सुमारे २७ लाख डोसमागे एखाद्या मुलाला लसीतल्या विषाणूमुळे लुळेपणा येऊ शकतो. आम्ही ही गोष्ट लपवत नाही आणि लपवू नयेच. पण दुसऱ्या पारड्यात काय आहे तेही पाहावे. खऱ्या पोलिओच्या दर दोनशे संसर्गांपैकी सुमारे एकात कायमचा पांगळेपणा येतो. पांगळ्या झालेल्यांपैकी ५ ते १० टक्के मुले श्वासाचे स्नायू निकामी होऊन दगावतात. बाकीच्या बहुतेकांना ताप किंवा सर्दीपलीकडे काही होत नाही, पण ती विष्ठेवाटे विषाणू पसरवत राहतात. म्हणजे १४७ मुले पांगळी दिसतात तेव्हा त्यांच्यामागे साधारण तीस हजार संसर्ग न दिसता फिरत असतात. व्हिडिओत दिसणारी खोटी बेशुद्धी आणि कुठल्याच व्हिडिओत न दिसणारा खरा विषाणू, यांत घाबरायचे कशाला हे इथेच ठरते.

ढोंग नव्हे, तरीही लस नव्हे

पेशावरमध्ये खाटेवर पडलेल्या काही मुलांनी नाटक केले हे खरे. पण रुग्णालयात आलेल्या सगळ्या मुलांनी ढोंग केले असेल, असे मात्र नाही. भीतीनेही मळमळते, पोटात गोळा येतो, हातपाय थंड पडतात, चक्कर येते. एका मुलाला असे होताना दुसऱ्याने पाहिले, की त्यालाही तसेच होऊ लागते. शाळांत, वसतिगृहांत आणि कारखान्यांत असे प्रसंग जगभर नोंदले गेले आहेत. मुले खोटे बोलत नसतात. त्रास खरा असतो, कारण मात्र भीती असते. लसीकरणाच्या वेळी ताणामुळे होणाऱ्या अशा त्रासाला जागतिक आरोग्य संघटनेने वेगळे नाव दिले असून तो कसा हाताळावा याच्या सूचनाही काढल्या आहेत.

पूर्वी ही भीती एका वर्गापुरती किंवा एका गावापुरती राहायची. मोबाइलने तिच्या भिंती पाडल्या. कोलंबियातील एल कार्मेन दे बोलिव्हार या गावात २०१४ साली एचपीव्ही लस घेतलेल्या शेकडो मुलींना चक्कर, बेशुद्धी, हातापायांना मुंग्या असा त्रास झाला. त्यांचे व्हिडिओ देशभर पसरले. लसीशी संबंध सापडला नाही. पण २०१२ मध्ये पहिल्या डोसचे जे प्रमाण ९८ टक्क्यांच्या घरात होते, ते २०१६ मध्ये १४ टक्क्यांवर आले.

अशा वेळी शाळेत काय करायचे ते शिक्षकांनी लक्षात ठेवावे. त्रास होणाऱ्या मुलांना बाकीच्यांपासून वेगळे करून शांत खोलीत झोपवा. पाय थोडे उंच ठेवा. गर्दी हटवा आणि मोबाइलवर चित्रण करू देऊ नका. डॉक्टरांना जरूर बोलवा, पण आरडाओरडा नको. बहुतेक मुले थोड्या वेळात सावरतात. कॅमेरा सुरू झाला, की मात्र तो त्रास पुढच्या शाळेत पोहोचतो.

ठिणगी पडली ती सुक्या गवतावर

पेशावरच्या पालकांना अडाणी म्हणून मोकळे होणे सोपे आहे, पण ते खरे नाही. त्यांच्या संशयाला इतिहास आहे. २०११ साली ओसामा बिन लादेनचा माग काढण्यासाठी अमेरिकेच्या सीआयएने अबोटाबादमध्ये डॉ. शकील आफ्रिदी यांच्यामार्फत हिपॅटायटिस बी लसीकरणाचा बनाव केला होता. हे उघड झाले तेव्हा ‘लसवाले म्हणजे हेर’ या जुन्या अफवेला पुरावाच मिळाला. जून २०१२ मध्ये उत्तर वझिरिस्तानात तालिबानी गटांनी पोलिओ लसीकरणावर बंदी घातली. डिसेंबर २०१२ मध्ये कराची, पेशावर आणि परिसरात पोलिओ कर्मचाऱ्यांच्या हत्या झाल्या, त्यांत महिला जास्त होत्या. शेवटी मे २०१४ मध्ये अमेरिकेने जाहीर केले, की यापुढे सीआयए लसीकरणाचा असा वापर करणार नाही. पण तुटलेला विश्वास जाहीरनाम्याने जुळत नाही.

म्हणून एखादा व्हिडिओ का पसरला हे शोधताना फक्त व्हिडिओकडे पाहून भागत नाही. ज्या यंत्रणेने लोकांना एकदा फसवले, जिथे दवाखान्यात डॉक्टर भेटत नाही, नळाला स्वच्छ पाणी नाही, पण वर्षातून अनेकदा पोलिओवाले मात्र दाराशी येतात, तिथे माणूस विचारणारच, ‘हे एवढे आमच्या मागे का लागलेत?’ या प्रश्नाला कुणी नीट उत्तर दिले नाही, की व्हिडिओ उत्तर देतो.

जुने दृश्य, नवी गोष्ट

पेशावरचा व्हिडिओ रचलेला होता. पण सगळेच व्हिडिओ रचावे लागत नाहीत. सप्टेंबर २०२५ मध्ये पाकिस्तानने ९ ते १४ वर्षांच्या मुलींसाठी एचपीव्ही लसीची पहिली मोठी मोहीम सुरू केली. ही लस गर्भाशयमुखाचा कर्करोग घडवणाऱ्या विषाणूपासून वाचवते. मोहीम सुरू होताच एक व्हिडिओ फिरला. शाळकरी मुली वेदनेने कळवळत आहेत आणि लोक त्यांना उचलून नेत आहेत. मजकूर असा, की ही लसीची करामत. प्रत्यक्षात ते दृश्य २०२४ सालचे, पाकव्याप्त काश्मीरमधील आंदोलनाच्या वेळचे होते. मुलींना अश्रुधुराचा त्रास झाला होता. व्हिडिओ खरा आणि त्रासही खरा, फक्त वर्ष आणि कारण बदललेले. जोडीला ‘या लसीने मुली वांझ होतात’ ही जुनी अफवा होतीच. तेव्हा पाकिस्तानचे आरोग्यमंत्री मुस्तफा कमाल यांनी आपल्या मुलीला सर्वांसमोर लस टोचून घेतली.

आपल्याकडे याचा संबंध सरळ आहे. भारतात दरवर्षी सव्वा लाखाच्या आसपास स्त्रियांना गर्भाशयमुखाचा कर्करोग होतो आणि सुमारे ऐंशी हजार त्याने दगावतात. आमच्या रुग्णालयात येणाऱ्या बहुतेक बायका उशिरा येतात. अंगावरून पांढरे किंवा लाल जाते, हे कित्येक महिने घरात सांगितलेलेच नसते. पुण्याच्या सीरम इन्स्टिट्यूटने बनवलेली या कर्करोगावरची लस २०२३ पासून देशात उपलब्ध आहे. ‘ही दिल्यावर पोरीला मूल होईल ना?’ हा प्रश्न मला मराठीतूनही विचारला जातो. उत्तर स्पष्ट आहे. या लसीने वंध्यत्व येत नाही. उलट त्या कर्करोगात अनेकदा गर्भाशयच काढावे लागते.

कराचीत जनजागृती, आपल्याकडे जमाव

तिसऱ्या प्रकारचा व्हिडिओ कापलेला असतो आणि त्याची मोठी किंमत आपल्या देशाने मोजली. कराचीतील रोशनी हेल्पलाइन ही संस्था हरवलेल्या मुलांसाठी काम करते. पालकांनी सावध राहावे म्हणून तिने २०१६ साली एक छोटी फिल्म केली. गल्लीत मुले क्रिकेट खेळत आहेत, मोटारसायकलवरून दोघे येतात आणि एका मुलाला उचलून पसार होतात. पुढच्याच क्षणी ते परत येतात, मुलाला खाली ठेवतात आणि एक फलक दाखवतात, की कराचीच्या रस्त्यावरून मूल पळवायला एवढासाच वेळ लागतो.

२०१८ साली हा व्हिडिओ भारतात व्हॉट्सअॅपवर फिरला तेव्हा मूल परत ठेवण्याचा आणि फलकाचा भाग कापलेला होता. उरले ते फक्त ‘मुले पळवणारी टोळी’. अनेक राज्यांत तो आपापल्या भाषेतल्या मजकुरासह पोहोचला. मुले पळवणाऱ्यांच्या अफवांच्या त्याच लाटेत १ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यातील साक्री तालुक्यातल्या राईनपाडा येथे जमावाने पाच जणांना ठार मारले. ते नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे, मंगळवेढ्याकडून पोटासाठी भटकत आलेले गरीब लोक होते. ‘ध’चा ‘मा’ केल्याने काय होते हे मराठी माणसाला इतिहासाने शिकवले आहे. शनिवारवाड्यात ते एका अक्षराने झाले, इथे काही सेकंद कापून झाले.

खोटे पुढे, खरे मागे का?

अमेरिकेतील एमआयटीच्या संशोधकांनी २०१८ साली ‘सायन्स’ या नियतकालिकात ट्विटरवरील बातम्यांचा अभ्यास प्रसिद्ध केला. खोटी बातमी पुढे पाठवली जाण्याची शक्यता खरीपेक्षा ७० टक्क्यांनी जास्त होती, आणि पंधराशे माणसांपर्यंत पोहोचायला खऱ्या बातमीला सुमारे सहापट वेळ लागत होता. पसरवणारी मुख्यतः यंत्रे नव्हती, माणसेच होती. नवे, धक्कादायक आणि किळस आणणारे आपण आधी पुढे ढकलतो.

त्यात मुलांविषयीची भीती असली, की मेंदू विचार करायला थांबत नाही. साप दिसल्यावर आपण तो विषारी आहे का हे तपासत बसत नाही, आधी मागे सरतो. ही प्रतिक्रिया रानात जीव वाचवते. पण मोबाइलवर मागे सरणे म्हणजे डोस नाकारणे आणि ओरडणे म्हणजे ‘फॉरवर्ड’. शिवाय तो व्हिडिओ अनोळखी माणसाकडून आलेला नसतो. तो मावसभावाने किंवा सोसायटीच्या गटातल्या काकांनी पाठवलेला असतो. आपण व्हिडिओवर कमी आणि पाठवणाऱ्यावर जास्त विश्वास ठेवतो.

सरकारे यावर बंदीचा उपाय करतात. पाकिस्तानात यूट्यूब २०१२ ते २०१६ अशी तीन वर्षांहून अधिक काळ बंद होती. टिकटॉकवर २०२० पासून अनेकदा बंदी आली आणि उठली. ही बंदी इतर कारणांसाठी होती, पण त्याने अफवा थांबल्या नाहीत. पेशावरमध्ये अर्धे काम तर मशिदीच्या भोंग्यानेच केले. त्यापेक्षा वेग कमी करणे उपयोगी ठरलेले दिसते. २०१८ च्या हत्यांनंतर व्हॉट्सअॅपने भारतात एका वेळी पाचच ठिकाणी संदेश पुढे पाठवण्याची मर्यादा घातली. पुढे ती जगभर लागू झाली. एप्रिल २०२० पासून अनेकदा फिरलेला संदेश एका वेळी एकाच ठिकाणी पाठवता येतो.

अफवेवर खरा उतारा आपल्याच देशात सापडला होता. वीस वर्षांपूर्वी पश्चिम उत्तर प्रदेशात ‘पोलिओच्या थेंबांनी मुले नपुंसक होतात’ ही अफवा घट्ट बसली होती. तिथे युनिसेफने गल्लीतल्याच बायका कार्यकर्त्या म्हणून नेमल्या. अलिगड मुस्लिम विद्यापीठ आणि जामिया मिल्लियातील लोक पुढे आले. इमामांनी मशिदीच्या भोंग्यावरून सांगितले, की मुलांना बूथवर न्या. भोंगा तोच, पण बोलणारा ओळखीचा आणि बोलणे खरे. भारतातील शेवटचा पोलिओ रुग्ण १३ जानेवारी २०११ रोजी पश्चिम बंगालमधील हावडा जिल्ह्यात सापडला, आणि मार्च २०१४ मध्ये आपला प्रदेश पोलिओमुक्त जाहीर झाला. पाकिस्तानात २०२४ साली ७४ मुले पांगळी झाली. तिथल्या विषाणूच्या वंशाचा विषाणू आफ्रिकेतील मलावीपर्यंत पोहोचल्याचे २०२२ मध्ये उघड झाले. म्हणून तिथली अफवा हा फक्त तिथला प्रश्न नाही, आणि म्हणूनच आपल्याकडे अजून पोलिओ रविवार पाळावा लागतो.

घरी काय करावे?

लसीबद्दलचा भीतिदायक व्हिडिओ आला, की पुढे पाठवण्यापूर्वी तीन प्रश्न विचारा. हे कुठले आहे? कधीचे आहे? याच्या आधी आणि नंतर काय घडले? तिन्हींपैकी एकाचेही उत्तर व्हिडिओत नसेल, तर तो तुमच्यापाशीच थांबवा. संदेशावर दोन बाण आणि ‘अनेकदा फॉरवर्ड केलेला’ अशी खूण असेल, तर पाठवणाऱ्यालाही त्याचा उगम माहीत नाही असे समजा. गावाचे नाव नाही, तारीख नाही, पण ‘जास्तीत जास्त लोकांपर्यंत पोहोचवा’ असे असेल, तर संशय पक्का करा.

लस घेतल्यावर केंद्रावर अर्धा तास थांबा. तीव्र अॅलर्जी फार क्वचित होते, पण झालीच तर बहुधा याच वेळात होते आणि तिच्यावरची औषधे तिथे असतात. इंजेक्शनच्या जागी दुखणे, सूज किंवा एक-दोन दिवस कणकण हे अपेक्षित आहे. वयात येणाऱ्या मुलामुलींना सुईच्या भीतीने भोवळ येते, म्हणून त्यांना बसवूनच लस द्यावी. ताप फार चढला, बाळ सतत रडत राहिले, झटका आला किंवा मूल सुस्त वाटले, तर वाट न पाहता जवळच्या दवाखान्यात न्या आणि आशाताईला किंवा नर्सताईला कळवा. लसीकरणानंतरच्या गंभीर त्रासाची नोंद आणि चौकशी करण्याची सरकारी व्यवस्था आहे. तिथे केलेल्या तक्रारीचा तपास होतो. गटावर टाकलेल्या तक्रारीने फक्त शेजारणीचे बाळ लसीवाचून राहते.

आम्हा डॉक्टरांकडून एक अपेक्षा तुम्ही जरूर ठेवा. लसीविषयी प्रश्न विचारला तर ‘तुम्हाला काय कळतंय’ असे उत्तर मिळता कामा नये. मोबाइल पुढे करून ‘डॉक्टर, हे खरं आहे का?’ असे विचारणारी आई आमचा वेळ खात नाही. तिने न विचारता डोस नाकारला असता, तर त्या बाळासाठी आम्हाला जास्त वेळ द्यावा लागला असता, आणि कदाचित तेव्हा उपाय हातात नसता. तेव्हा असा व्हिडिओ आला तर गटावर टाकू नका. पुढच्या डोसला येताना मोबाइलमध्ये घेऊन या आणि दाखवा.